जॉर्ज टाउनच्या गच्चीवर कोयनेल

चेन्नईतल्या मराठी घरांना झाडांची हौस कमी नाही, पण जॉर्ज टाउनच्या गच्च्यांवर ती हौस फार दिवस टिकत नाही. उटीच्या सहलीहून आणलेला गुलाब, गावाकडून गाडीत मांडीवर सांभाळत आणलेली शेवंती, रोपवाटिकेत भुरळ पाडणारी रंगीत पानांची नाजूक झाडे, ही सगळी पहिल्याच मे महिन्यात माना टाकतात. मग घरात म्हणायला सुरुवात होते की आपल्या हाताला गुण नाही. हाताचा काही दोष नसतो. समुद्रावरून येणारा खारा वारा, बोअरचे खारट पाणी, दिवसभर तापलेली गच्ची आणि महाराष्ट्राच्या पावसावर बेतलेले आपले वेळापत्रक, या चौघांपुढे थंड हवेची झाडे टिकत नाहीत. इथे समुद्रकाठचेच झाड लावायला हवे. तसे एक झुडूप आपल्या अगदी ओळखीचे आहे. त्याचे नाव कोयनेल.

महाराष्ट्रात शाळेच्या आवाराला, रेल्वेच्या वसाहतींना, बंगल्यांच्या कुंपणाला जी दाट, गडद हिरवी, कातरून सपाट केलेली कड असते, ती बऱ्याच ठिकाणी कोयनेलचीच असते. कुंपणाचे झाड म्हणून त्याच्याकडे फारसे कोणी निरखून पाहत नाही. पण त्याचे मूळ घर खाडीकाठ. कोकणात तिवर आणि कांदळाच्या मागे, मारांडीच्या काट्यांच्या शेजारी, भरतीचे पाणी जिथवर चढते त्या रेषेच्या आसपास ते आपोआप वाढते. चेन्नईजवळ पाहायचे असेल तर एन्नोर, अड्यार आणि पुलिकतचे खाऱ्या पाण्याचे काठ आहेत. भारत आणि श्रीलंकेपासून आग्नेय आशियातून थेट उत्तर ऑस्ट्रेलिया आणि पॅसिफिक बेटांपर्यंत त्याचा पसारा आहे, कारण त्याची फळे हलकी, बुचासारखी असतात आणि पाण्यावर तरंगत दूरवर जातात. कूळ तुळशीचे. निर्गुडीही त्याच कुळातली.

शास्त्रीय नावाच्या बाबतीत थोडे सावध राहा, कारण रोपांच्या चिठ्ठ्यांवर दोन नावे आढळतात. लिनियसने १७५३ साली त्याला व्होल्कामेरिया इनर्मिस म्हटले. पुढे ते क्लेरोडेंड्रम वंशात गेले आणि दोनशेहून अधिक वर्षे तिथे राहिले. अलीकडच्या संशोधनाने ते पुन्हा व्होल्कामेरियात आणले आहे. क्लेरोडेंड्रम इनर्मी आणि व्होल्कामेरिया इनर्मिस हे एकच झाड आहे हे लक्षात असले की झाले. तमिळमध्ये संगंकुप्पी म्हणतात. रोपवाटिकेतल्या माळ्याला हे नाव सांगा. त्याला ते कळले नाही तर कुंपणाचे क्लेरोडेंड्रम म्हणा.

विकत घेताना ओळख पटवून घ्या, कारण कुंपणाचे रोप मागितले की हातात बहुधा डुरांटा पडतो. कोयनेलची पाने समोरासमोर जोडीने येतात. ती लांबट, टोकाकडे निमुळती, जाडसर आणि वरून चकचकीत असतात, कडा सरळ, दाते नाहीत. पान चुरगळून नाकाशी धरा. उग्र, नकोसा वास येतो. खोडावर काटे नसतात. फुलावर असलेले रोप मिळाले तर शंकेला जागाच उरत नाही. पांढऱ्या कळ्या बहुधा तिघींच्या घोसात येतात. फुलाची नळी बारीक, दोन-तीन सेंटीमीटर लांब, तिच्या टोकाला पाच पांढऱ्या पाकळ्या पसरलेल्या आणि त्यांतून बाहेर झेपावलेले चार लांब, जांभळट-गुलाबी पुंकेसर.

या फुलाकडे लागोपाठ दोन दिवस बघा. नुकते उमललेले असताना चारही पुंकेसर ताठ पुढे आलेले दिसतात आणि स्त्रीकेसराचा बारीक धागा एका बाजूला खाली वळलेला असतो. नंतर पुंकेसर परागकण देऊन झाले की वळतात, गुंडाळल्यासारखे होतात, आणि स्त्रीकेसर सरळ होऊन त्यांची जागा घेतो. आधी पराग द्यायचे आणि मग घ्यायचे, अशी ही व्यवस्था. एकाच फांदीवर दोन्ही अवस्थांतली फुले शेजारी शेजारी सापडतात. लांब नळीच्या तळाशी मध असतो, तो काढायला लांब सोंडेची फुलपाखरे आणि पतंग येतात. मुलांना हे जवळून दाखवा. शहराच्या इतक्या दाट वस्तीत घरच्या कुंडीत असे काही पाहायला मिळणे मोठी गोष्ट आहे.

आता जागा. जॉर्ज टाउन नकाशावर एक दिसते, पण झाडांच्या दृष्टीने त्याचे दोन भाग पडतात. पूर्वेकडे बंदराला आणि राजाजी सालैला समांतर गेलेल्या लिंगी चेट्टी आणि तंबू चेट्टी या गल्ल्या. तंबू चेट्टी स्ट्रीटवरच्या काळिकांबाळ मंदिरात शिवाजी महाराज १६७७ साली दर्शनाला आले होते असे परंपरेने सांगतात, त्यामुळे चेन्नईतल्या मराठी माणसाची पावले तिकडे वळतातच. या गल्ल्यांतल्या उंच गच्च्यांना समुद्राचा वारा आधी आणि थेट लागतो. तिथे मिठाचा त्रास जास्त, पण दुपारी वारा सुटला की उष्मा थोडा उतरतो. पश्चिमेकडे मिंट स्ट्रीट, साहुकारपेठ, एनएससी बोस रोडच्या आतल्या गल्ल्या. तिथे मीठ कमी पोचते, मात्र इमारती एकमेकींना खेटलेल्या, वारा कोंडलेला, धूळ आणि उष्णता अधिक. कोयनेल दोन्हीकडे जगते. पूर्वेकडे कुंडी कठड्याच्या आडोशाला ठेवा, म्हणजे वाऱ्याने माती सुकत नाही. पश्चिमेकडे उलट, जिथून वारा खेळेल अशी मोकळी बाजू द्या आणि आठवड्यातून एकदा पानांवर पाणी मारून धूळ धुऊन काढा.

ऊन मात्र दोन्हीकडे हवे. रोज चार-पाच तास थेट ऊन मिळाले नाही तर झाड हिरवे राहील, पण फुलणार नाही. जॉर्ज टाउनची जुनी घरे अरुंद आणि खोल. खालच्या चौकात किंवा ओट्यावर जेमतेम माध्यान्हीचे ऊन उतरते. त्यामुळे फुले हवी असतील तर जागा गच्चीचीच.

गच्चीची गोष्ट निघालीच आहे तर एक महत्त्वाचे सांगायलाच हवे. या भागातल्या पुष्कळ जुन्या घरांचे छत मद्रास टेरेस पद्धतीचे आहे. सागवानी तुळयांवर चुन्यात उभ्या-तिरप्या रचलेल्या विटा, त्यावर चुन्याचा कोबा. हे काम शंभर वर्षे टिकते, पण त्याला ओलावा आणि एका जागी साचलेले ओझे मानवत नाही. बारा इंची कुंडी भिजलेल्या मातीसकट वीस-पंचवीस किलोंची होते. अशा दहा कुंड्या छताच्या मधोमध रांगेत मांडल्या की दोन-अडीच क्विंटल वजन थेट तुळयांच्या मध्यावर येते. म्हणून कुंड्या भिंतींच्या माथ्यावर, म्हणजे कठड्याला लागून ज्या बाजूखाली खरोखर जाड भिंत आहे तिथेच ठेवा. खालच्या मजल्यावर जाऊन भिंत नेमकी कुठे आहे हे आधी बघून या. कुंडीखाली विटा किंवा लोखंडी तिवई द्या, म्हणजे पाणी वाहून जाईल, कोबा सुकत राहील आणि तळाला पाझर दिसला तर लगेच कळेल. छतावर आधीच ओल उतरत असेल, चुना सुटत असेल, तुळईला वाळवी दिसत असेल, तर आधी दुरुस्ती आणि मग झाडे. घर भाड्याचे असेल तर घरमालकाला सांगून, जागा दाखवून मगच कुंड्या चढवा. काँक्रीटच्या नव्या इमारतीत इतकी काळजी नको, पण पाझराचे पथ्य तिथेही पाळा.

वजन कमी करायचे तर मातीच्या मिश्रणातच करता येते. निम्मा भाग इथली लाल माती, तिला माळी सेम्मण म्हणतात. पाव भाग कोकोपीट, उरलेल्या पाव भागात कुजलेले शेणखत किंवा गांडूळखत आणि थोडी जाड वाळू. कोयनेल समुद्रकाठचे म्हणून किनाऱ्यावरची वाळू आणून घालण्याचा मोह काहींना होतो. ती घालू नका. हे झाड मीठ सोसते, ते त्याला हवे असते असे नाही. खाडीकाठी भरती-ओहोटी आणि पावसाचे पाणी मुळांभोवतीचे मीठ सतत धुऊन नेते. कुंडीत ते साचत राहते. कुंडीची भोके मोठी हवीत, तीन-चार तरी, आणि त्यांवर खापराचे तुकडे. बारा इंची कुंडी एका झाडाला कायमची पुरते. चौदा इंचीत झुडूप डेरेदार होते, पण वजनही त्या मानाने वाढते. मातीच्या कुंडीपेक्षा जाड प्लॅस्टिकची किंवा कापडी पिशवी हलकी पडते, मात्र काळ्या रंगाची घेऊ नका, उन्हात तिच्या कडेची मुळे भाजतात.

आता वेळापत्रकाकडे येतो. मराठी माणसाच्या मनात रोप लावायचे म्हणजे मृग नक्षत्र. सात जूनला आभाळ भरून येणार, मग फांद्या खोचायच्या, आषाढात त्यांना पालवी फुटायची, हे हिशेब पिढ्यान्‌पिढ्यांचे. चेन्नईत जूनचा पहिला आठवडा म्हणजे ऐन उन्हाळा. नैऋत्य मोसमी पाऊस पश्चिम घाटावर रिता होतो आणि या किनाऱ्याला जुलै-ऑगस्टमध्ये संध्याकाळच्या गडगडाटी सरी तेवढ्या मिळतात. खरा पाऊस ऑक्टोबरच्या मध्याला सुरू होणाऱ्या ईशान्य मोसमी वाऱ्यांचा. वर्षभराच्या सुमारे १४०० मिलिमीटरपैकी निम्म्याहून अधिक पाऊस ऑक्टोबर ते डिसेंबर या तीन महिन्यांत पडतो, आणि सर्वांत जास्त नोव्हेंबरात. म्हणून आपल्याकडचे आषाढ-श्रावणातले काम इथे भाद्रपद-आश्विनात करायचे. गणपती आटोपले की कात्री आणि कुंड्या बाहेर काढा. पितृपक्ष ते दसरा हा फांद्या लावायचा उत्तम काळ. मुळे धरतात तोवर जोराचा पाऊस येतो, नंतर मार्गशीर्ष-पौषात हवा सुखद राहते, आणि चैत्र-वैशाखाच्या तडाख्याआधी रोपाला पाच-सहा महिने मिळतात. मे महिन्यातल्या कडक उन्हात, ज्याला इथे कत्तिरी वेयिल म्हणतात, नवीन रोप अजिबात लावू नका. त्या दिवसांत रोपवाटिकेतून आणले तर कुंडी न बदलता तसेच सावलीत ठेवून सांभाळा.

कोयनेल फांदीपासून सहज होते, त्यामुळे एक रोप विकत घ्या आणि पुढची घरी करा. फांदी कोवळी हिरवी नको आणि जुनी, टणकही नको. पेन्सिलीएवढ्या जाडीची, वाकवली तर थोडी वाकून मोडणारी निवडा. वीतभर लांबीचे तुकडे करा. खालचा काप पेराच्या लगेच खाली आणि तिरका, वरचा सरळ, म्हणजे उलटसुलट होणार नाही. खालची पाने काढून टाका, वरची दोन ठेवा आणि तीही मोठी असतील तर अर्धी कापा. दोन पेरे मातीत जातील इतके खोचा आणि भोवतीची माती दाबा. औषध, पावडर काही लागत नाही. सावलीत ठेवून माती दमट राखली की तीन-चार आठवड्यांत मुळे धरतात. मुळे धरली की नाही हे बघायला उपटून पाहू नका. नवी पाने फुटून टिकली की समजावे. दुसरा मार्ग त्याहून सोपा आहे. लोंबणारी खालची फांदी शेजारच्या कुंडीतल्या मातीवर वाकवून दगडाने दाबून ठेवा. खाडीकाठी हे झाड असेच पसरते, फांदी जिथे जमिनीला टेकते तिथे मुळे सोडते. महिन्या-दीड महिन्याने आईपासून तोडून वेगळी करा.

ज्यांच्याकडे खाली आवार आहे, म्हणजे शाळा, धर्मशाळा किंवा गोदाम, त्यांनी जमिनीत कुंपण करायला हरकत नाही. दोन रोपांत एक ते दीड फूट अंतर ठेवा. रोपे वीतभर वाढली की शेंडे खुडा. हे खुडताना जिवावर येते, पण न खुडल्यास कुंपण वरून दाट आणि खालून उघडे राहते आणि ते पुढे कधीच भरून येत नाही. कातरताना तळ थोडा रुंद आणि माथा अरुंद ठेवा, म्हणजे खालच्या पानांनाही ऊन मिळेल. पदपथावर आणि पावसाळी गटारांच्या कडेला मात्र लावू नका. आधीच अरुंद गल्ल्यांत चालायची पंचाईत, आणि गटारात लोंबलेल्या फांद्यांत कचरा अडकला की नोव्हेंबरात पाणी घरात शिरायला वेळ लागत नाही.

पाण्याबद्दल सविस्तर लिहिले पाहिजे, कारण जॉर्ज टाउनमध्ये झाडे बहुतेक पाण्यापायी जातात. इथल्या घरात दोन प्रकारचे पाणी असते. मेट्रो वॉटरचे किंवा टँकरचे गोडे, त्याला नल्ल तण्णी म्हणतात, आणि बोअरचे खारे, ते उप्पु तण्णी. समुद्र जवळ असल्याने उपसा वाढला की जमिनीखाली खारे पाणी आत सरकते आणि बोअर उत्तरोत्तर खारट होत जातात. २०१९ च्या उन्हाळ्यात शहराचे तलाव आटले तेव्हा प्यायच्या पाण्यासाठी रात्र रात्र रांगा लागल्या होत्या. त्या दिवसांत झाडाला नल्ल तण्णी घालणे कोणाच्याही मनाला पटले नसते. कोयनेलचा मोठा गुण इथेच आहे. त्याला उप्पु तण्णी चालते. पिण्याच्या पाण्याच्या आरओ यंत्रातून वाया जाणारे पाणीही चालते, तेही खारटच असते. एका घरात रोज बादलीभर तरी असे पाणी मोरीत जाते, त्यावर चार-पाच कुंड्या वर्षभर जगतात.

पण आधी म्हटले तसे कुंडीत मीठ साचते. कुंडीच्या काठावर आणि मातीवर पांढरी खपली धरू लागली, पानांच्या कडा करपून तपकिरी व्हायला लागल्या की मीठ वाढले असे समजा. मग कुंडीच्या आकाराच्या दुप्पट गोडे पाणी हळूहळू ओता, तळातून वाहून जाऊ द्या. एसीतून ठिबकणारे पाणी साठवले असेल तर ते यासाठी फार चांगले, त्यात क्षार जवळपास नसतात. पावसाळ्यात हे काम पाऊस फुकट करतो, फक्त कुंड्या पत्र्याखालून बाहेर काढा आणि भोके बुजलेली नाहीत ना ते बघा. तमिळनाडूत २००३ पासून इमारतींना पावसाचे पाणी साठवण्याची, जिरवण्याची व्यवस्था सक्तीची आहे. तुमच्या घरी ती असेल तर गच्चीवरच्या पन्हळीचे तोंड पानांनी तुंबू देऊ नका. कोयनेलची पाने सदोदित थोडी थोडी गळत असतात.

पाणी सकाळी लवकर घाला. दुपारी तापलेल्या कुंडीत घातलेले पाणी मुळांना चटका देते. मार्च ते जूनपर्यंत रोज, एरवी एक दिवसाआड, आणि पावसाळ्यात बोट मातीत खुपसून कोरडे लागले तरच. नोव्हेंबरात सवयीने रोज पाणी घालणारेच कोयनेल मारतात. खत बेताचे. दोन महिन्यांतून दोन मुठी गांडूळखत भरपूर झाले. युरिया, डीएपी ही खते स्वतःच क्षार आहेत. खारट पाण्याच्या कुंडीत ती घालणे म्हणजे त्रास वाढवणे.

कोयनेलला फुले येत नाहीत ही तक्रार सर्रास ऐकू येते. कारण कात्री. घोस येतात ते नव्या फुटीच्या शेंड्याकडच्या पानांच्या बेचक्यांतून. दर पंधरा दिवसांनी सपाट कातरणाऱ्या कुंपणावर कळी धरायला अवधीच मिळत नाही, म्हणून रस्त्याकडेला वर्षानुवर्षे पाहिलेल्या झाडाची फुले लोकांनी कधी पाहिलेली नसतात. यावर उपाय सोपा आहे. वर्षातून एकच मोठी छाटणी करा, संक्रांत झाल्यावर, म्हणजे इथल्या पोंगलनंतर. पाऊस संपलेला असतो, ऊन कोवळे असते, आणि उन्हाळ्यापूर्वी झाडाला नवी फूट धरता येते. त्या वेळी झुडूप एक तृतीयांश कमी करा, आतल्या वाळक्या आणि एकमेकींवर घासणाऱ्या फांद्या काढा. त्यानंतर फक्त वेडीवाकडी गेलेली फांदी खुडत राहा. गोल आकार हवाच असेल तर रस्त्याकडची बाजू कातरा आणि घराकडची मोकळी सोडा. माझी पसंती विचाराल तर पूर्ण झाडच मोकळे सोडावे. जागा फारच अरुंद असेल तर कठड्याच्या गजांना बांधून त्याला वेलासारखे पसरवता येते. लवचीक फांद्या हव्या तशा वळतात.

साहुकारपेठेतल्या आपल्या गलाई व्यवसायातल्या बांधवांसाठी वेगळे लिहितो. विटा, खानापूर, आटपाडी भागातून आलेली ही कुटुंबे देशभरच्या सराफ बाजारांत आहेत. कामाची जागा खाली आणि बिऱ्हाड वर, अशी त्यांची राहणी. गलाईत सोने-चांदी शुद्ध करताना तेजाबाची वाफ निघते, ती पानांवर बसली की डाग पडून पाने गळतात. समुद्राचे मीठ सोसणारे झाड आम्लाची वाफ सोसेलच असे नाही. म्हणून धुराड्याचे तोंड ज्या बाजूला आहे त्याच्या विरुद्ध कोपऱ्यात कुंड्या ठेवा. कामाचे धोवण कुठल्याही झाडाला घालू नका, मग ते कितीही पातळ वाटो. त्यात आम्लाबरोबर धातूही असतात. त्याच कारणाने गच्चीवर खाण्याची भाजी, तुळस, कढीपत्ता लावत असाल तर त्याही कुंड्या दूरच हव्यात.

कीड फारशी लागत नाही. कोंदट जागी पिठ्या ढेकूण दिसतो, फांदीच्या बेचक्यात कापसासारखा. मुंग्यांची रांग झाडावर चढताना दिसली की तिथे तो असणार हे ठरलेले. थोडा असेल तर पाण्याच्या जोरदार धारेने धुऊन काढा, जास्त असेल तर ती फांदी कापून टाका आणि कडुनिंबाचे तेल साबणाच्या पाण्यात मिसळून संध्याकाळी फवारा. कुंडीखाली ताटल्या ठेवायची सवय असेल तर ऑक्टोबर ते डिसेंबर त्या उचलून ठेवा. डेंग्यूचे डास साचलेल्या स्वच्छ पाण्यातच वाढतात.

वादळाची तयारी हा चेन्नईतल्या बागकामाचा भागच आहे. १२ डिसेंबर २०१६ ला ‘वरदा’ चक्रीवादळाने शहरातली हजारो झाडे पाडली. गच्चीवर धोका वेगळा असतो. कठड्यावर ठेवलेली कुंडी खाली गल्लीत कोसळली तर माणूस जायबंदी होऊ शकतो. कठड्याच्या माथ्यावर कुंडी कधीच ठेवू नका, वादळ असो नसो. सप्टेंबरअखेर उंच गेलेले शेंडे कापून झाड ठेंगणे करा. वादळाचा इशारा आला की कुंड्या भिंतीकडे ओढून एकमेकींना टेकवून ठेवा, उंच असतील त्या आडव्या करा. वादळ ओसरल्यावर पहिले काम गोड्या पाण्याने पाने धुण्याचे. वाऱ्याबरोबर समुद्राचे तुषार शहरभर येतात. कोयनेल ते सोसते, पण शेजारची जास्वंद आणि मोगरा सोसत नाहीत, तेव्हा पाणी सगळ्यांनाच मारा.

औषधाबद्दल दोन शब्द. सिद्ध आणि आयुर्वेद परंपरेत कोयनेलच्या पानांचा वापर आहे, आणि लखनौच्या शास्त्रज्ञांनी त्याच्या पानांतली प्रथिने पिकांना विषाणूंपासून वाचवू शकतात का यावर काम केले आहे. पण घरी पानांचा काढा करून पिऊ नका. पाने अतिशय कडू असतात, शेळ्याही तोंड लावत नाहीत. औषध हवे असेल तर वैद्याकडे जा. लहान मूल घरात असेल तर हिरवी फळे खुडून टाका.

जॉर्ज टाउनमधली बरीचशी मराठी बिऱ्हाडे भाड्याची, आणि घर बदलताना झाडे मागे राहतात. कोयनेल मागे ठेवायची गरज नाही. निघण्याआधी दहा-बारा दिवस ते निम्मे छाटा. आदल्या दिवशी पाणी देऊ नका, म्हणजे कुंडी हलकी राहील आणि मातीचा गड्डा फुटणार नाही. जिना अरुंद असेल तर दोघांनी दोरीच्या झोळीत घालून उतरवा. जवळपास जायचे असेल तर मीनपाडी वंडी, म्हणजे इथली तीन चाकांची मालगाडी, पुरते. नव्या घरी आठवडाभर अर्ध्या उन्हात ठेवा, नवी फूट दिसली की पूर्ण उन्हात हलवा. आणि गावी जायचे असेल तर चार-पाच फांद्या ओल्या फडक्यात आणि वरून प्लॅस्टिकमध्ये गुंडाळून न्या. रेल्वेच्या एक-दोन दिवसांच्या प्रवासात त्या मरत नाहीत. विट्याच्या किंवा मिरजेच्या अंगणात त्या जूनमध्ये, मृगाच्या पावसावरच लावा.